आमच्या घरातली काडीमोड

वहिनीने काडीमोड मागितली तेव्हा आई ओटीवर सुकट निवडत बसली होती. शुक्रवार होता. भिवंडीतले लूम शुक्रवारी बंद असायचे, म्हणून दादा घरी होता. बाबा शेतावरून येऊन हातपाय धूत होते. मी मॅट्रिकच्या वर्षाला होते आणि दाराशी पुस्तक उघडून बसले होते. वहिनी आतून आली, पदराला हात पुसले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "आई, मामा, मना काडीमोड पायजे."

आईला आधी ती थट्टाच वाटली. "काय गो, ऊन लागलं काय डोक्याला?"

"न्हाय. इचार करून बोलते. मना मोकली करा. मी माझ्या घरी जाते."

आईच्या हातातलं सूप तिरकं झालं आणि निवडलेली सुकट पुन्हा कचऱ्यात सांडली. बाबा तांब्या हातात घेऊन तसेच उभे राहिले. मी दादाकडे पाहिलं. तो खांबाला टेकून बसला होता आणि पायाच्या अंगठ्याकडे बघत होता.

आमचं गाव राहनाळच्या बाजूला. आता तिथे गोदामं आहेत, तेव्हा भातखाचरं होती. आणीबाणी नुकतीच उठली होती. घटस्फोटाचा कायदा कुठेतरी आहे असं आम्ही ऐकून होतो, पण आमच्यातलं कोणी कोर्टाची पायरी चढत नसे. गावकी बसायची, तिच्यासमोर नवराबायकोने भाताच्या पेंढ्यातली काडी दोन टोकांना धरून मोडायची, की झाली फारकत. हे लहानमोठ्या सगळ्यांना ठाऊक होतं. पण काडीमोड मागायची ती नवऱ्याने, फार तर बाईच्या बापाने. बाईने स्वतः, सासूसासऱ्यांच्या तोंडावर, भर दुपारी मागितल्याचं मी तोवर ऐकलं नव्हतं.

आणि कोणाकडून मागत होती ती? माझा दादा भिवंडीत एका कारखान्यात जॉबर होता. बिघडलेल्या लूमला त्याचा हात लागला की तो चालू व्हायचा. दारूला शिवत नसे. बायकोवर हात उगारणं सोडा, आवाज चढवलेलाही कोणी ऐकला नव्हता. गावातल्या बायका आपापल्या नवऱ्यांना त्याचा दाखला द्यायच्या. वहिनी पडघ्याजवळच्या एका गावातली. हसरी, कामाला वाघीण. लावणीच्या वेळी तिच्यामागून भाताचं आवण लावत जाताना आमची दमछाक व्हायची. त्यांना चार वर्षांची एक मुलगी होती.

यात आणखी एक गाठ होती. हे लग्न साटंलोटं होतं. ती आमच्याकडे आली त्याच मांडवात माझी थोरली ताई तिच्या भावाला दिली होती. एक मुलगी आणायची, एक द्यायची. दोन्ही घरं बांधलेली राहतात, असं म्हातारी माणसं म्हणत.

बाबांनी तांब्या खाली ठेवला. "मारतो काय तुना?"

"न्हाय."

"दुसरी कोन ठेवलीय काय?"

"मना म्हायत न्हाय. नसंल."

"खायाला कमी पडतं? आमी काय बोललो?"

"तुमी कोनी कायच न्हाय बोल्लं, मामा." वहिनीचा आवाज पहिल्यांदा हलला. "ते माझ्याशी बोलत न्हाईत."

आईने सुटकेचा श्वास सोडला. मलाही हसूच आलं. एवढंच ना! आमच्याकडे चारचौघांत नवराबायको एकमेकांशी बोलत नसतच. बाबासुद्धा आईला हाक मारायची झाली तर माझं नाव घेऊन मारायचे. आई म्हणाली, "अगो, पुरुष मानूस बोलतो काय असा? तुझा सासरा बोलतो काय माझ्याशी?"

"चार भिंतींत बोलतात ना?" वहिनीने विचारलं.

आईने सांडलेली सुकट गोळा करायला घेतली.

"ते चार भिंतींत पन बोलत न्हाईत. पोर झाली तवाधरनं न्हाय. एक शब्द न्हाय, आई. मी आजारी पडले तवा न्हाय. माझी आये गेली तवा न्हाय. मी रडून, भांडून, पाया पडून पायलं. ते भिंतीकडं तोंड करून निजतात."

बाहेर कोंबड्या पेंढा उकरत होत्या. बाबा दादाकडे वळले आणि म्हणाले, "काय रे? काय बोलते ही?"

आता दादा उसळून उठेल, नाही म्हणेल, असं मला वाटलं. त्याने मान वर केली आणि म्हणाला, "खरं हाय."

आजही मला त्या दोन शब्दांचा धक्का आठवतो. त्याने मारलं असतं तर मला कमी धक्का बसला असता, कारण मार काय असतो हे मी शेजारीपाजारी पाहिलं होतं. हे काय होतं, त्याला नाव काय, हेच कळेना. मी मनाशी आठवू लागले. दादा वहिनीशी बोलताना मी कधी ऐकला? "वहिनीला सांग, डबा झाला का?" हे मला सांगायचा. वहिनी त्याच्यापासून हातभर अंतरावर उभी असायची. मी तोंड वळवून म्हणायचे, "वहिनी, डबा." पुढे पोरगी बोलायला लागल्यावर हे काम तिच्याकडे गेलं. "आये, बाबा बोलतात चाय दे." सगळे कौतुकाने हसायचे, पोर किती चुणचुणीत म्हणून. इतक्या माणसांच्या घरात, एकाच चुलीवर जेवून, आम्हाला पत्ता नव्हता. आम्ही त्याला मर्यादा समजत होतो.

"का?" बाबांनी विचारलं. "का रे बोलत न्हाय?"

दादाने खांदे उचलले. मग उठला, चपला घातल्या आणि बाहेर पडला.

दोन दिवसांत ही गोष्ट गावभर झाली. कोणाला ती पटेना. "बोलत न्हाय म्हनून काडीमोड? मंग आमी सगल्यांनीच घ्यायला पायजे!" असं म्हणून बायका विहिरीवर हसत. पण मग एकेक बाई घरी येऊ लागली, आईशेजारी बसू लागली, आणि आवाज खाली करून भलतंच काही सांगू लागली. एकीच्या आत्याने तरुणपणी काडीमोड घेतली होती. दुसरीची मोठी जाऊ म्हणजे थोरल्या दिराची दुसरी बायको, पहिली कल्याणकडे नांदते आहे. तिसरीने तर स्वतःच्या सासूचं सांगितलं, जी म्हातारी देवळात पहिल्या रांगेत बसते. मी आत भाकऱ्या थापत ऐकत होते आणि थक्क होत होते. आमच्यात कोणी सोडत नाही, असं मी जन्मापासून ऐकत आले होते. सोडत होते. मग त्यावर दुसऱ्या लग्नाचं लुगडं पांघरून सगळे विसरून जात होते.

आई मात्र काही दिवस वहिनीशी धड बोलली नाही. मग एका सकाळी तिने चुलीपाशी वहिनीला विचारलं, "एवढी वर्षं मना का न्हाय सांगलंस?"

"काय सांगू? तुमी हसला असता."

आईने चुलीत लाकूड सारलं. ती खरंच हसली असती.

गावकी देवळापुढच्या पारावर बसली. पडघ्याहून वहिनीचे वडील आणि भाऊ, म्हणजे माझे भावोजी, आले होते. भावोजींनी मला पाहून मान दुसरीकडे वळवली. तेव्हा पहिल्यांदा मला ताईची काळजी वाटली. ताईचं काय होणार, हा विचार तोवर कोणाच्याच डोक्यात आला नव्हता, निदान कोणी तो तोंडावर आणला नव्हता.

गावकीतले सगळ्यांत मोठे म्हातारे शहाणे होते. त्यांनी दोघांचं ऐकून घेतलं. मग दादाला म्हणाले, "पोरा, मामला सोपा हाय. ती बोलते, तू बोलत न्हाईस. आत्ता आमच्यादेखत तिच्याशी बोल. काय पन बोल. घरी चल, एवढं बोल. मी हा पेंढा म्हशीला घालतो आनि सगले घरी जाऊ."

लोक हसले. वातावरण जरा सैल झालं. वहिनी उभी राहिली. तिने दादाकडे सरळ पाहिलं, आणि मला शपथेवर सांगता येईल की त्या क्षणी ती थांबायला तयार होती. तिच्या चेहऱ्यावर ते दिसत होतं. दोन शब्दांवर काम होतं.

दादा उभा राहिला. तोंड उघडलं. आई पुटपुटत होती, "बोल रे, बोल." मीही मनातल्या मनात ओरडत होते. त्याच्या कपाळावर घाम आला. सगळा गाव त्याच्या ओठांकडे बघत होता. तो किती वेळ तसा उभा होता कोण जाणे. कोणीतरी खोकलं आणि तो भानावर आल्यासारखा झाला. मग तो वळला आणि म्हाताऱ्यांना म्हणाला,

"तिला सांगा, पोर तिनंच न्यावी."

म्हाताऱ्यांनी डोळे मिटले. वहिनी खाली वाकली, पेंढ्यातली काडी तिनेच उपसली आणि एक टोक दादापुढे धरलं. त्याने ते धरलं. काडी मोडल्याचा आवाजसुद्धा झाला नाही.

वहिनी त्याच दुपारी मुलीला घेऊन गेली. जाताना आईच्या पाया पडली. आईने तिची ओटी भरायला तांदूळ घेतले आणि मध्येच थांबली, कारण अशा जाण्याला ओटी भरतात की नाही हे तिला माहीत नव्हतं. शेवटी तिने तांदूळ नातीच्या फ्रॉकच्या झोळीत घातले.

आठवडा लोटला असेल नसेल, एसटीतून ताई उतरली. कडेवर तिचा मुलगा, हातात ट्रंक. घामाने चिंब झाली होती. आईने धावत जाऊन मूल घेतलं. "काय गो, अशी अचानक?"

"पाठवली मला," ताई म्हणाली. "सासरे बोलले, आमची पोर आमच्याकडे आली, तुमची तुमच्याकडे. हिशोब मिटला."

मी ताईला पाणी दिलं. तिने ते पिऊन टाकलं आणि दादा कुठे आहे विचारलं. दादा ड्युटीवर होता. तो येईपर्यंत ती ओटीवरून हलली नाही. तो आल्या आल्या ती उभी राहिली.

"माझा नवरा माझ्याशी बोलतो," ती दादाला म्हणाली. "एवढा बोलतो की कधी कधी मीच म्हणते, आता गप ऱ्हा. आमचं एकमेकांशी बरं चाललं होतं. तुझं तोंड उघडलं न्हाय म्हणून माझं घर बंद झालं. आता माझ्याशी तरी बोल! सांग, मी काय करू?"

दादा रडायला लागला. मोठा बाप्या माणूस, दारात उभा राहून, डब्याची पिशवी छातीशी धरून. मी त्याला कधी रडताना पाहिलं नव्हतं. ताईचा राग तिथेच विझला असं नाही, पण ती आत निघून गेली.

भावोजी येतील म्हणून ताई वाट बघत राहिली. ते आले नाहीत. बापापुढे त्यांची मान वर होत नसे. आमच्या बाबांनी पुन्हा गावकी बसवायची भाषा सुरू केली, या वेळी ताईच्या काडीमोडीसाठी. ते ऐकलं आणि ताईने ट्रंक उचलली. मला म्हणाली, "तू चल माझ्याबरोबर. मी एकटी गेले तर दारातून हाकलतील."

बाबा नको म्हणत होते. आम्ही गेलो. भिवंडीच्या स्टँडवरून पडघ्याची एसटी धरली. ताईच्या मुलाला खिडकीतून ट्रक मोजायचे होते आणि मोजता येत नव्हतं, तो नुसताच ओरडत होता. मी विचार करत होते, आत वहिनी असेल. तिने आमच्या घरात एवढं सोसलं. आता ती आपल्या माहेरी, आपल्या बापाच्या पाठीशी. ती आम्हाला उंबरा ओलांडू देईल कशाला?

सासरे अंगणात खाटेवर बसले होते. ताईला बघून म्हणाले, "कशाला आलीस? बोललो ना मी?"

"माझं घर हाय, म्हणून आले," ताई म्हणाली.

"होतं. आता न्हाय. जा."

भावोजी गोठ्याच्या दारात येऊन उभे राहिले. मुलगा "बाबा" म्हणून त्यांच्याकडे झेपावला, तरी ते पुढे आले नाहीत. तेवढ्यात वहिनी घरातून बाहेर आली. हात पिठाने भरलेले. तिने ताईला पाहिलं, ट्रंक पाहिली, मग बापाकडे पाहिलं.

"बाबा, हिला कोनी पाठवली होती?"

"मीच. तुझ्यासाठीच पाठवली. त्यांनी तुझी काय किंमत केली?"

"मना इचारलं?" वहिनी म्हणाली. "मना बोललात, ती म्हायेरपनाला जाते. मी माझं दुःख सांगून सुटले. हिला काय दुःख हाय? इचारा तिला. इचारा, नांदायचं न्हाय काय तुला म्हनून."

म्हातारा दुसरीकडे बघू लागला.

"बोला ना!" वहिनी ओरडली. मी दचकले. "तुमी पन तोंड फिरवून बसनार? मंग मी त्या घरातनं हितं आले कशाला? हिला घालवनार असाल तर मी पन पोर घेऊन निघते. दोघी मिलून कुठं पन ऱ्हाऊ."

तिने पुढे होऊन ताईच्या हातातली ट्रंक घेतली. पिठाचे हात ट्रंकेला लागले. वहिनी जागची हलली नाही, बापाकडे बघत उभी राहिली. शेवटी तो खाकरला आणि ताईकडे न बघता, पण ताईलाच म्हणाला, "पोरगं तापलंय उन्हात. आत घे त्याला." मग भावोजी धावत आले आणि त्यांनी मुलाला उचललं. ताई रडत रडत आत गेली. मी अंगणात उभीच. वहिनी मला म्हणाली, "ये बाय, भाकर खा."

जेवताना मी तिला वहिनी म्हणाले आणि जीभ चावली. ती माझी वहिनी राहिली नव्हती. ती आता नुसती माझ्या ताईची नणंद होती. तिनेही क्षणभर विचार केला. "वयनीच बोल," ती म्हणाली. "दुसरं काय बोलशील?"

दादाने मला कारण सांगितलं ते त्याच वर्षी, पावसाळा सरल्यावर. आम्ही दोघं खळ्यावर होतो. मी विचारलं नव्हतं. तो आपणहून बोलायला लागला. वहिनी बाळंतपणाला माहेरी गेली होती. हा तिला आणायला गेला, तेव्हा तिच्या बहिणींनी याची काहीतरी चेष्टा केली, आणि तीही हसली. घरी आल्यावर हा रुसला. ती दोनदा विचारायला आली, याने उत्तर दिलं नाही. दुसऱ्या दिवशी वाटलं, आता तिनेच पुन्हा विचारावं. तिने विचारलं, तर वाटलं, एवढ्यात कसं बोलायचं. "मंग रोज उठून वाटायचं, आज बोलू. पन सुरवात कुठून करायची तेच कलेना. जेवढे दिवस जात तेवढं जड होई. पारावर पन तेच जालं. कायतरी मोठं बोलायला पायजे असं वाटलं, आनि मोठं काय सुचलंच न्हाय."

"चेष्टा काय केली होती?" मी विचारलं.

त्याने आठवून पाहिलं. मग मान हलवली. त्याला आठवत नव्हती.

मला वाटलं होतं काहीतरी असेल. एखादी दुसरी बाई, एखादी लपवलेली गोष्ट, निदान राग धरावा असं काही. काहीच नव्हतं. एवढ्याशा रुसव्यावर एक संसार गेला होता आणि दुसरा जाता जाता राहिला होता.

दादाने पुन्हा लग्न केलं नाही. आई मागे लागायची, तो टाळायचा. सुट्टीत मुलगी आमच्याकडे यायची तेव्हा मात्र तो तिच्याशी सारखा बोलायचा. लूमचा धोटा कसा जातो येतो, उभ्या धाग्यांचा ताणा कसा भरतात, सगळं सांगायचा. आई ते ऐकून आत जाऊन डोळे पुसायची. माझ्यासाठी पुढे एक स्थळ साटंलोटं म्हणून आलं, त्या घरची मुलगी दादाला आणि मी त्यांच्या मुलाला. बाबांनी पाहुण्यांना चहासुद्धा पुरता पिऊ दिला नाही.

वहिनीने चार-पाच वर्षांनी पाट लावला. नवरा बिजवर, नाशिक रस्त्यावर ट्रक चालवणारा. माझं लग्न झाल्यावर एकदा ताईकडे जाताना मी पडघ्याच्या बाजारात उतरले. मिरच्यांच्या ढिगापाशी एक बाई आणि तिचा नवरा जोरजोरात भांडत होते. लवंगी घ्यायची की जाडी, यावरून. तो एक बोलला की ती दोन बोलायची, आणि मिरचीवाला हात जोडून दोघांना गप्प करत होता. जवळ गेल्यावर पाहिलं तर वहिनी. मी तिथेच उभी राहिले. दहा वर्षं तिला ओळखत होते, पण असा तिचा मोकळा, तापलेला, मजेत असलेला आवाज मी ऐकला नव्हता. तिचं माझ्याकडे लक्ष गेलं. नवऱ्याचं बोलणं मध्येच तोडून तिने त्याच्या हातात पिशवी कोंबली.

"थांब गो बाय," ती मला म्हणाली, "याला आधी संपवू दे, मंग चाय घेऊ."